आप्पांच्या खात्यातून ७,४३० गेले, नाव मुंबईच्या कुठल्याशा हेल्थकेअरचं. हे बिल नेमकं कशाचं?

अमळनेरचा_प्रश्न (१२ सप्टेंबर २०२५)

नमस्कार मंडळी. वडिलांच्या (वय ६२) बचत खात्याचं स्टेटमेंट काढलं. राष्ट्रीयीकृत बँक, रुपे डेबिट कार्ड. १२ ते १६ ऑगस्ट आप्पा जळगावच्या एका खासगी दवाखान्यात ॲडमिट होते. दवाखान्याचं मुख्य बिल स्टेटमेंटमध्ये नीट ओळखू येतं. बाकी या नोंदींचा पत्ता लागत नाही:

१२ ऑगस्ट, पीओएस (म्हणजे स्वाइप मशीन), ५,००० दोनदा. ॲडमिशनच्या ॲडव्हान्सची पावती मात्र एकच आहे.
१६ ऑगस्ट, यूपीआय/डीआर/५२२८…, २,८५०. एका माणसाचं नाव आहे, आडनाव अर्धंच छापलंय.
१८ ऑगस्ट, पीओएस, ७,४३०, ‘… हेल्थकेअर सर्व्हिसे मुंबई’. असंच तुटकं.
१० सप्टेंबर, एसीएच डी, ४९९, ‘… वेलनेस’.

मुंबईला घरातलं कोणी गेलेलं नाही. कार्ड आप्पांच्या खिशात असतं. दवाखान्यात विचारलं तर म्हणतात बँकेत विचारा, बँकेत गेलो तर म्हणतात दवाखान्यात जा. हे फसवणुकीत धरायचं की नाही, आणि शोधायचं कसं?

कॅशकौंटर_भुसावळ

भाऊ, नावावरून शोधायला जाऊ नका, फिरतच राहाल. रक्कम, वेळ आणि नंबर या तिघांवरून माग काढा.

दवाखान्याची पाटी एक असली तरी आत पाच-सहा धंदे असतात. खालचं मेडिकल वेगळ्या मालकाचं, त्याचा औषध परवाना वेगळा, जीएसटी नंबर वेगळा. लॅब एखाद्या साखळीची. सीटी स्कॅन किंवा डायलिसिस दुसऱ्याच कंपनीने चालवायला घेतलेलं. ॲम्ब्युलन्स तर बहुधा चालकाच्या स्वतःच्या मालकीची. ज्याचं त्याचं स्वाइप मशीन, ज्याचा त्याचा क्यूआर. मशीन घेताना बँकेकडे जे नाव नोंदवलं तेच स्टेटमेंटवर उमटतं, पाटीवरच्या नावाचा त्याच्याशी संबंध असेलच असं नाही. गावाचंही तसंच. कंपनीचं रजिस्टर ऑफिस मुंबईला आणि मशीन जळगावच्या काउंटरवर, तर छापून मुंबईच येऊ शकतं. आपल्याकडे नंदुरबार-नवापूरचे पेशंट सुरतेला जातात, तिथेही हाच घोळ होतो: पैसे भरले सुरतेत आणि स्टेटमेंटवर भलतंच शहर.

नाव तुटतं कारण कार्डच्या संदेशात दुकानाचं नाव, शहर आणि देश मिळून ४० अक्षरांचीच जागा असते, त्यात नावाला साधारण २५. तुमचं ‘सर्व्हिसे’ तिथेच कापलं गेलंय. त्यात काळंबेरं काही नाही.

तारखेचं म्हणाल तर १६ तारीख शनिवार होती, १७ला रविवार. शनिवारी संध्याकाळी डिस्चार्जच्या वेळी स्वाइप केलेली रक्कम खात्यात सोमवारी, १८ला दिसणं अगदी शक्य आहे. म्हणजे ७,४३० हे डिस्चार्जच्या दिवशीचंच असावं, आणि माझ्या मते ते मेडिकलचं बिल आहे.

पण मेडिकलची बिलं काढून त्यात ७,४३० शोधाल तर सापडणार नाही. ॲडमिट पेशंटची औषधं रोज वॉर्डातून चिठ्ठी जाऊन उधारीवर येतात, प्रत्येक वेळी वेगळं बिल बनतं. डिस्चार्जला सगळ्यांची बेरीज होते आणि न वापरलेली सलाइन, इंजेक्शनं परत गेली की त्यांचे पैसे वजा होतात. समजा बिलं ३,२१५, २,९४० आणि १,८७०, एकूण ८,०२५. परतीचं बिल ५९५. शिल्लक ७,४३०. परतीचं बिल बहुतेकांकडे नसतंच, म्हणून हिशेब लागत नाही. मेडिकलच्या काउंटरवर आप्पांचा आयपीडी (ॲडमिट पेशंटचा) नंबर सांगा आणि ‘पेशंटचं पूर्ण लेजर, रिटर्नसकट’ मागा. दोन मिनिटांत प्रिंट निघते.

स्वाइपची चिठ्ठी सापडली तर तिच्यावर चार गोष्टी बघा. टीआयडी म्हणजे मशीनचा आठ अक्षरांचा नंबर, आरआरएन म्हणजे व्यवहाराचा १२ आकडी नंबर, ऑथ कोड म्हणजे बँकेच्या मंजुरीचा सहा अक्षरी कोड, आणि कार्डाचे शेवटचे चार आकडे. आरआरएन स्टेटमेंटशी जुळला की विषय संपला. थर्मल कागदावरची शाई खानदेशातल्या उन्हाळ्यात तर फार लवकर उडते, म्हणून चिठ्ठी हातात आली की लगेच झेरॉक्स किंवा फोटो.

आता २,८५०. यूपीआयच्या १२ आकडी नंबरात पहिला आकडा बहुतेक वेळा सालाचा शेवटचा आकडा असतो आणि पुढचे तीन म्हणजे वर्षातला कितवा दिवस. ५२२८ म्हणजे २०२५चा २२८वा दिवस, अर्थात १६ ऑगस्ट. डिस्चार्जचाच दिवस. माणसाचं नाव आलं म्हणून दचकू नका, छोटी लॅब, ॲम्ब्युलन्स, घरी येणारी नर्स यांची खाती मालकाच्या नावावरच असतात. ज्या मोबाइलवरून पैसे गेले त्या ॲपमध्ये हा व्यवहार उघडा, तिथे पूर्ण नाव आणि यूपीआय आयडी दिसेल.

आणखी एक हुकमी उपाय. बँकेच्या सिस्टीममध्ये प्रत्येक दुकानाला धंद्याचा चार आकडी कोड असतो. ८०६२ दवाखाना, ५९१२ औषध दुकान, ८०७१ लॅब, ८०११ डॉक्टर, ४११९ ॲम्ब्युलन्स. शाखेत ‘हे कोण आहे’ असं विचारलं तर त्यांनाही सांगता येत नाही. ‘या आरआरएनचा मर्चंट कॅटेगरी कोड आणि टीआयडी काढून द्या’ असं विचारा. यूपीआयमध्ये ०००० आला तर पैसे दुकानाच्या नव्हे, साध्या वैयक्तिक खात्यात गेलेत.

सेवाकेंद्र_शिरपूर

वरची माहिती बरोबर आहे, पण क्रमाबद्दल माझं वेगळं मत आहे. शोधत बसण्यात मुदत निघून जाते आणि नंतर बँक हात वर करते. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७च्या परिपत्रकाप्रमाणे, चूक ना तुमची ना बँकेची, मधल्याच कोणाची असेल, तर मेसेज मिळाल्यापासून तीन कामकाजी दिवसांत कळवलं की ग्राहकाची जबाबदारी शून्य. चार ते सात दिवसांत कळवलं तर साध्या बचत खात्याला जास्तीत जास्त १०,०००, शून्य शिल्लकवाल्या मूलभूत खात्याला ५,०००. सातच्या पुढे बँकेचं धोरण सांगेल ते. सहकारी बँकांनाही डिसेंबर २०१७च्या परिपत्रकाने हेच नियम लागू आहेत. पतसंस्थेला नाहीत, ती बँक नव्हे.

दिवस मोजताना मेसेज आला तो दिवस धरायचा नाही. तुमच्या ४९९चा मेसेज १०ला आला असेल तर ११ पहिला, १२ दुसरा, १३ला दुसरा शनिवार आणि १४ला रविवार, म्हणून तिसरा दिवस सोमवार, १५ तारीख. आज-उद्यात ॲप किंवा टोल फ्रीवर तक्रार टाका आणि तक्रार क्रमांक लिहून ठेवा. तोंडी ‘साहेबांना सांगितलं’ याला काही किंमत नाही.

या तीन लक्षणांत मात्र एक तासही थांबू नका, थेट १९३० (सायबर फसवणुकीची सरकारी हेल्पलाइन):

एक, आधी ५ किंवा १० रुपये गेले आणि मागोमाग मोठी रक्कम. दवाखान्याचा नंबर इंटरनेटवर शोधला, तो नंबर भामट्याचा निघाला, ‘अपॉइंटमेंटसाठी १० रुपये भरा’ म्हणून लिंक किंवा एपीके फाइल (मोबाइलवर ॲप टाकणारी) आली, हा ठरलेला प्रकार आहे.
दोन, नोंदीत एईपीएस लिहिलंय. म्हणजे आधार आणि अंगठ्यावर पैसे काढलेत. शिबिरात किंवा कार्ड काढून देतो म्हणून अंगठा घेतला आणि त्याच दिवशी ही नोंद पडली तर उघड आहे. आधारचं बायोमेट्रिक लगोलग लॉक करा.
तीन, आप्पा ॲडमिट असताना रात्री-अपरात्री पडलेली नोंद.

कॅशकौंटर_भुसावळ

@सेवाकेंद्र_शिरपूर, दादा, मुदतीचं पटलं. पण १९३०बद्दल एक सांभाळायला हवं. तिथे तक्रार गेली की समोरच्या खात्यातली रक्कम रोखून धरली जाते. ती लॅब खरी निघाली तर त्या बिचाऱ्याचे पैसे अडकतात आणि सोडवायला त्याला पोलिसांचे हेलपाटे. तुमचंही कार्ड ब्लॉक होतं, ते वेगळंच. म्हणून ओळख पटत नसलेल्या पण तारीख दवाखान्याशी जुळणाऱ्या नोंदींसाठी आधी बँकेत ‘व्यवहाराचा तपशील मिळावा’ एवढीच तक्रार टाका. विनाकारण कोणावर आळ येत नाही. सकाळी लेजर आणि ॲप तपासा. संध्याकाळपर्यंत धागा लागला नाही तर फसवणुकीची तक्रार.

शाखेतला_धुळे

दोनदा गेलेल्या ५,०००कडे अजून कोणी नीट पाहिलं नाही, आणि खरे पैसे तिथेच आहेत.

पहिल्यांदा फायनल बिलातली ‘ॲडव्हान्स’ची ओळ बघा. तिथे १०,००० वजा दाखवले असतील तर तुमचं नुकसान झालेलं नाही, फक्त एक पावती दिली गेली नाही. ५,०००च दाखवले असतील तर दोन शक्यता, आणि दोन्हींचे रस्ते वेगळे.

पहिली शक्यता: मशीनवर ‘डिक्लाइन’ किंवा नेटवर्क गेल्याचं आलं, चिठ्ठी निघाली नाही, म्हणून कार्ड पुन्हा लावलं. तुमच्या खात्यातून दोनदा गेले, दवाखान्याला एकदाच पोचले. यात तुमच्या बँकेने व्यवहाराच्या दिवसापासून पाच दिवसांत स्वतःहून रक्कम परत जमा करायची असते. रिझर्व्ह बँकेचं २० सप्टेंबर २०१९चं परिपत्रक आहे. त्यानंतर उशिराच्या प्रत्येक दिवसाला १०० रुपये भरपाई. १२ ऑगस्टचे पाच दिवस १७ला संपले. १८ ऑगस्ट ते आज १२ सप्टेंबर, २६ दिवस, म्हणजे २,६०० रुपये वर. अर्जात हा आकडा लिहाच, नाही लिहिला तर बहुतेकदा मिळत नाही.

दुसरी शक्यता: दोन्ही रकमा दवाखान्याला पोचल्या. मग बँकेकडे परत करण्यासारखं काही नाही, दवाखान्यानेच रिफंड करायला हवा. हे ओळखायचं कसं? दवाखान्याच्या बिलिंगला १२ ऑगस्टचा त्या मशीनचा सेटलमेंट रिपोर्ट बघायला सांगा आणि दोन्ही आरआरएन त्यांच्यापुढे ठेवा. ‘आमच्याकडे पैसे आले नाहीत’ असं रिपोर्ट न बघता सांगितलेलं मान्य करू नका. काउंटरवरचा माणूस हॉस्पिटलच्या सॉफ्टवेअरमध्ये बघतो, तिथे पावती एकच असल्याने त्याला एकच दिसते. पैसे मशीनच्या बॅचमध्ये, म्हणजे त्या दिवसाच्या एकत्र हिशेबात, असतात.

४९९ची गोष्ट वेगळी आहे. एसीएच डी म्हणजे तुमच्या खात्यावर मँडेट (पैसे आपोआप कापायची परवानगी) नोंदलेलं आहे आणि कंपनी दर महिन्याला त्यावरून वसुली टाकते. दवाखान्याशी बहुधा याचा संबंध नाही. आरोग्य योजना, फोनवरून डॉक्टरचा सल्ला, तपासण्यांवर सवलत असले प्लॅन कर्ज किंवा हप्त्यावरच्या खरेदीबरोबर गळ्यात मारले जातात. प्रत्येक मँडेटला यूएमआरएन नावाचा २० अक्षरी नंबर असतो. शाखेत तो मागा, आणि मँडेट कधी नोंदलं, कशाने नोंदलं (कागदावर सही, आधार, डेबिट कार्ड की नेट बँकिंग) हेही विचारा.

लोक इथे एक उद्योग करतात, हप्त्याच्या तारखेआधी खातं रिकामं करतात. तसं करू नका. वसुली परत गेली की बँक दर वेळी दंड लावते, आणि ४९९ वाचवताना तेवढेच दंडात जातात.

जाता जाता, मेअखेरीस २० किंवा ४३६ रुपये दिसले तर घाबरू नका. २० हा प्रधानमंत्री सुरक्षा विमा (अपघात, वय ७०पर्यंत), ४३६ हा जीवनज्योती. पण जीवनज्योतीत नाव ५०च्या आतच घालता येतं आणि संरक्षण ५५ला संपतं, म्हणजे ६२ वर्षांच्या आप्पांच्या खात्यातून ४३६ जायलाच नको. दोन बँकांत खाती असतील तर दोन्हीकडून कापलं जात नाही ना तेही बघा, विमा एकाच खात्यावर मिळतो.

तळोदा_आरोग्य

थोडं वेगळं, पण विचारून ठेवा: आप्पांचे उपचार महात्मा फुले जन आरोग्य योजनेत झाले होते का? झाले असतील तर योजनेत बसणाऱ्या उपचारासाठी दवाखान्याला पेशंटकडून पैसे घेता येत नाहीत. आरोग्यमित्राला (दवाखान्यात बसणारा योजनेचा माणूस) पावत्या दाखवा, नाहीतर १५५३८८ किंवा १८०० २३३ २२००. योजनेतलं बिल आणि ‘वरचे औषधाचे’ असं म्हणून बाहेरच्या मशीनवर घेतलेले पैसे, ही जोडी दिसली तर तक्रार करायलाच हवी.

अमळनेरचा_प्रश्न (१६ सप्टेंबर)

सगळ्यांचे आभार. स्थिती अशी. ७,४३० मेडिकलच्या लेजरशी रुपयाला रुपया जुळले, तीन परतीची बिलं धरून. २,८५०चा कोड ८०७१ निघाला, डिस्चार्जच्या दिवशीच्या तपासण्या होत्या. योजनेत केस नव्हती. ५,०००: फायनल बिलात ॲडव्हान्स ५,०००च दाखवलाय, आणि मशीनच्या रिपोर्टमध्ये दोन्ही व्यवहार आहेत. बिलिंगवाले म्हणतात, येऊन रोख घेऊन जा. ४९९चं मँडेट जुलैमध्ये डेबिट कार्डाने नोंदलंय, त्याच दिवशी हप्त्यावर मोबाइल घेतला होता. ओटीपी दुकानदाराने टाकून घेतला. ते रद्द होईल का? अर्ज कसा लिहायचा?

शाखेतला_धुळे

रोख घ्यायला हरकत नाही, पण कार्डावरच रिफंड मागितलेला बरा. व्यवहार जुना असल्याने मशीनवरून ‘व्हॉइड’ (रद्द) होणार नाही, ते फक्त त्या दिवशीची बॅच बंद होण्याआधी जमतं. आता ‘रिफंड’ टाकावा लागेल, त्याला साधारण आठवडा जातो. रिफंडचा संदर्भ क्रमांक घेतल्याशिवाय काउंटर सोडू नका. रोख घेतलीत तर मूळ आरआरएन लिहिलेली पावती घ्या आणि बँकेतली तक्रार मागे घ्या, नाहीतर उद्या बँकेनेही जमा केले तर ते पैसे परत वळते होतील आणि खातं अडचणीत येईल. दिवसाला १०० रुपयांची भरपाई इथे लागू होत नाही, कारण दवाखान्याला पैसे पोचले होते.

मँडेट रद्द होईल. अर्ज आप्पांच्या सहीने, दोन प्रतींत:

‘मा. शाखाधिकारी यांस, माझ्या बचत खात्यातून दि. १० सप्टेंबर २०२५ रोजी एसीएचद्वारे रु. ४९९ वजा झाले आहेत (यूएमआरएन …). मोबाइल खरेदीच्या वेळी या प्लॅनची माहिती मला देण्यात आली नव्हती. सदर मँडेट तात्काळ रद्द करावे, संमतीची नोंद मला द्यावी आणि वजा झालेल्या रकमेबाबत संबंधित कंपनीकडे विचारणा करावी.’

एका प्रतीवर तारखेसह शिक्का मारून पोच घ्या. ‘मी ओटीपी दिलाच नाही’ असं लिहू नका. बँक नोंद काढते, त्यात ओटीपी दिसतो आणि पूर्ण तक्रारच खोटी धरली जाते. माहिती न देता घेतला, हे खरं आहे आणि तेवढं पुरतं.

अर्ज देण्याआधी यूएमआरएन नीट तपासा. मोबाइलच्या हप्त्याचंही मँडेट त्याच दिवशी नोंदलेलं असणार. चुकून तेच रद्द झालं तर हप्ता थकतो, दंड लागतो आणि सिबिल बिघडतो. दोन्हींची रक्कम आणि कंपनीचं नाव समोर ठेवूनच सही करा.

मँडेट बंद झालं म्हणजे प्लॅन बंद झाला असं नाही. कंपनीला त्याच दिवशी वेगळा ईमेल करा. आत विमा पॉलिसी असेल तर कागद हातात पडल्यापासून ३० दिवसांत ती परत करता येते. पॉलिसीचा कागद आलाच नसेल तर तसं ईमेलमध्ये स्पष्ट लिहा.

बँकेने ३० दिवसांत उत्तर दिलं नाही, किंवा दिलेलं पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे सीएमएस या तक्रारींच्या पोर्टलवर तक्रार करता येते. फी नाही, वकील लागत नाही. मराठीतून विचारायचं असेल तर १४४४८.

कॅशकौंटर_भुसावळ

एक राहिलं. दुरुस्त केलेलं फायनल बिल मागून घ्या, ॲडव्हान्स १०,००० आणि परतावा ५,००० असं दाखवणारं. मेडिक्लेम किंवा ऑफिसकडून पैसे मिळवायचे असतील तर जुन्या बिलाची आणि स्टेटमेंटची बेरीज जमणार नाही आणि फाइल परत येईल. केसपेपरची प्रत राहिली असेल तर लेखी मागा. मागणीनंतर ७२ तासांत ती देण्याचं बंधन डॉक्टरांवर आहे.

अमळनेरचा_प्रश्न

अर्ज आज दिला, पोच घेतली. यूएमआरएन खरंच दोन होते आणि काउंटरवर हप्त्याचाच आधी लिहिला जात होता, तो दुरुस्त करून घेतला. १० ऑक्टोबरला स्टेटमेंट बघून इथे लिहितो.